धबधब्यामागची वाट

आम्बोदिहाझो, १२ सप्टेंबर

तोंबो,

तुला लिहायचं नाही असं ठरवलं होतं. तू गेलास त्या दिवशी दारात उभी राहून सगळ्यांसमोर म्हणाले होते की हा भाऊ मला मेला. पण काल वरच्या ओढ्याला जे पाहिलं ते तुला सांगितल्याशिवाय घास उतरेना. रम आणि तांदूळ घेऊन तुमच्या सोन्याच्या तळावर चढणारा ओझेवाला उद्या निघतोय, त्याच्या हाती देते. तुला वाचायला मीच शिकवलंय, तेव्हा दुसऱ्या कुणाकडून वाचून घेऊ नकोस.

काल रानाच्या पहाऱ्याला आपला बा, मी आणि हाइंगो होतो. हाइंगो म्हणजे राजधानीहून लेमूर मोजायला आलेली ती मुलगी, जिला तू "माकडवाली" म्हणायचास. ओढ्याच्या वरच्या अंगाला रानातून सरळ पट्टा तोडलेला दिसला. या झाडावरून त्या झाडावर जायला जनावराला वाटच उरलेली नाही, मधे आडवे बांधलेले वासे तेवढे, आणि वाशावाशावर फास. तीन वारिका लटकत होत्या. बोक्याएवढी तपकिरी जनावरं, फुगलेली, डोळ्यांत अळ्या. चौथी सिम्पोना होती, सोनेरी पाठीची, आणि ती जिवंत होती. फास कमरेत बसून आतपर्यंत कापत गेला होता. खालच्या अंगाला काही राहिलं नव्हतं म्हटलं तरी चालेल. पोटाला पिल्लू.

बाने तिला उचलून फास सैल करायला हात घातला तर तिने त्याच्या अंगठ्यात दात रोवले. त्याने हात मागे घेतला नाही. ती तशीच, त्याचा अंगठा तोंडात धरून मेली. पिल्लू मेलेल्या आईचे केस सोडेना. हाइंगोने एकेक बोट सोडवलं, आणि ती बोटं तुझ्या-माझ्यासारखीच, नखांची. गावात पोचेपर्यंत तेही तिच्या छातीशी गार झालं.

फास कापताना बा मधेच थांबला. गाठ त्याने उलटसुलट फिरवून पाहिली. डावखुऱ्या माणसाने मारलेली, दोनदा वळवून आत घेतलेली. बैल बांधायला त्याने ती एकाच माणसाला शिकवली होती.  

येताना हाइंगो सांगत होती. या बेटावर शंभराच्या वर जाती आहेत लेमूरच्या, आणि जगात दुसरीकडे कुठेही एकही नाही. सगळ्यात लहान त्सिडी, ती मुठीत झोपते. सगळ्यात मोठा आपला बाबाकोटो, माझ्या धाकट्याएवढा. पण फार पूर्वी याहून मोठे होते, माणसाहून जाड, जमिनीवर फिरणारे. त्यांची हाडं गुहांतून सापडतात. माणूस बेटावर आला तेव्हा आधी ते संपले, कारण एकात सगळ्या वाडीचं जेवण व्हायचं. बा म्हणाला, "म्हणजे आपण वरून खाली खात आलोय." ती म्हणाली, हो.

म्हणून विचारते. तुमच्या तळावर हंडीत काय शिजतं? वारिका शिजते ते मी ओळखून आहे. बाबाकोटो शिजतो का? मध काढताना झाडावरून पडणाऱ्या आपल्या पूर्वजाला त्यानेच झेलून खाली आणलं, आणि म्हणून आपल्या कुळात त्याला कुणी हात लावत नाही, हे तुला पाठ आहे. सरकार सांगतं म्हणून नव्हे. खरं लिही.

वाविसोआ

३ ऑक्टोबर

तोंबो,

तुझं पत्र मिळालं. बाला वाचून दाखवलं नाही.

तू लिहिलंस, रानाने आपल्याला दिलंच काय. लिहिलंस की डोंगर जाळून भात पेरू नका म्हणून सांगायला बाहेरची माणसं आली तेव्हा आपल्याला कुणी विचारलं का, आणि त्यांनी कबूल केलेली शाळेची इमारत कुठे आहे. हे सगळं खरं आहे. मी याच गावात शिकवते, पाऊस आला की मुलांना घेऊन चर्चमध्ये पळते, मला ते शिकवू नकोस. पीक येण्याआधीच्या महिन्यांत आम्हीही रानटी कंद खातो. पण तोंबो, तुमच्या मुकादमाचा, देझिरेचा तळ उठला की तुला काय उरणार आहे? ओढा चिखल झालाय. खालच्या भातात गाळ येतो. आणि मी जे विचारलं होतं त्यावर तू एक अक्षर लिहिलं नाहीस. म्हणजे उत्तर मिळालं.

तसंही ते कानांना कळलं आहे. कड्यावरचं बाबाकोटोंचं कुटुंब सकाळी हाक देत नाही. उगवतीला तो लांबलचक सूर यायचा, पलीकडच्या डोंगरावरचे उत्तर द्यायचे, आणि आई म्हणायची, उठा, थोरले उठले. गेल्या आठवड्यात दोन बार ऐकू आले. दुसऱ्या दिवसापासून पलीकडचेच ओरडतात आणि थांबून राहतात.

बा मंगळवारी एकटा तुमच्या तळावर आला होता हे मला तू लिहायला हवं होतंस. तो आम्हाला मध बघायला जातो म्हणून गेला. परत आला तेव्हा समोरचे दात नव्हते आणि एक डोळा मिटलेला. मी गरम पाण्याने तोंड पुसत होते, तो सांगेना. शेवटी संध्याकाळी थोडं थोडं बोलला. देझिरे सभ्यपणे बसवून घेऊन बोलला म्हणे, कॉफी दिली. बाने सांगितलं, सोनं काढायचं तर काढ, मी पोलीस नाही, पण कड्यावर बंदूक नेऊ नकोस. देझिरे हसला. "म्हाताऱ्या, पन्नास माणसं आहेत माझ्याकडे. ती माती खातील?" मग मांस धुरावर सुकवायच्या मांडवाकडे बोट करून म्हणाला, जा, तुझा पूर्वज ओळखून काढ.

बा मांडवाकडे गेला. काळे पडलेले हात ओळीने लटकत होते, तो म्हणाला, लहान पोरांचे असावेत तसे. त्याने मांडवाच्या खुंटाला लाथ घातली आणि सगळं विस्तवात पाडलं. त्यानंतर त्याला मारलं.

"तोंबो होता?" मी विचारलं.

"होता. पातेलं घासत होता."

"काही बोलला?"

"मान वर केली नाही त्याने," बा म्हणाला, आणि भिंतीकडे तोंड करून झोपला.

तुला माहीत असावं म्हणून लिहिते, तो त्यानंतरही तुला शिवी देत नाही. मी देते.

वा.

२० नोव्हेंबर

तोंबो,

बा गेला. ते तू पाहिलंसच. तरी मी लिहिणार आहे. मी जिथे उभी होते तिथून काय दिसलं ते तुला कुणी सांगणार नाही.

पहाऱ्याच्या झोपडीत आम्ही चौघं होतो. दुपार होती, पाऊस कोसळत होता. बा फास कापायची पाती घासत होता. हाइंगो तिचे कागद प्लास्टिकमध्ये गुंडाळत होती. माझा नवरा छपरावर पानं नीट करायला चढला होता. मी मागे, वळचणीखाली, भाताचं पातेलं उतरवत होते. समोरच्या वाटेवर आमचा कुत्रा बांधला होता, तो भुंकला नाही, कारण समोरून कुणी आलंच नाही. ते धबधब्यामागून आले. पाण्याआडून, खडकाच्या कपारीतून. ती वाट आजोबाने बाला दाखवली, बाने आपल्या दोघांना. माझ्या नवऱ्यालासुद्धा ती माहीत नव्हती.

आधी नवरा खाली पडला, कुणीतरी वाशाने त्याचे पाय झोडपले. मग दोघे आत शिरले. हाइंगोने कागद छातीशी धरले तर एकाने तिचा हात उंबऱ्यावर ठेवून त्यावर टाच मारली. मोडल्याचा आवाज मला मागे ऐकू आला. मी पातेलं तसंच उचलून आत गेले आणि त्या माणसाच्या तोंडावर ओतलं. तो ओरडत पावसात पळाला. त्याच्या कानाला भात चिकटला होता, ते अजून डोळ्यांसमोर येतं.

बा दारात उभा राहिला. हातात पातं होतं, पण त्याने ते खाली टाकलं. मी खोटं लिहीत नाही, खाली टाकलं. म्हणाला, "पोरीला जाऊ दे. झोपडी जाळायची तर जाळ."

देझिरेने कुऱ्हाड उचलली.

आणि तेव्हा तुझा आवाज आला. नेच्याच्या झाडाखाली तू मागे उभा होतास, निळी टोपी, खांद्यावर दोराचं वेटोळं. तू ओरडलास, "बाला नको. बाला नको, असं ठरलं नव्हतं." सगळ्यांनी ऐकलं. देझिरेनेही ऐकलं, त्याने वळून तुझ्याकडे पाहिलं, आणि मग मारली. मान आणि खांद्याच्या मधे. बा लगेच पडला नाही. तो चौकटीला धरून हळूहळू बसला, दमलेला माणूस बसतो तसा. दुसरा घाव डोक्यात बसला.

तुमचं काय ठरलं होतं, तोंबो? झोपडी जाळायची, माकडवालीला घाबरवायचं, एवढंच? कुऱ्हाडी कशाला आणल्या हे विचारलं नाहीस?

तू पुढे आला नाहीस. पळालासही नाहीस. ते निघाले तेव्हा त्यांच्या मागून गेलास.

बाला झोळीत घालून आम्ही आणलं. वाटेभर रक्त आणि पाणी गळत होतं. हाइंगो मोडका हात छातीशी बांधून चालत होती, एकदाही बसली नाही. झोपडी जळली. तिचे कागद जळले. आतापर्यंत काय काय मोजलं ते तिच्या डोक्यात जेवढं आहे तेवढंच उरलंय.

२८ नोव्हेंबर

तोंबो,

हे पत्र पोचेल की नाही माहीत नाही. ओझेवाला वर जायला तयार नाही, त्याची बहीण तुमच्या तळावर भांडी घासते, तिला आणायला म्हणून शेवटचा जातोय. पत्र वाचलंस की जाळ.

बाला पुरलं. बैल कापला, गावच्या थोरल्या तोतोवेलोने पूर्वजांची नावं घेतली. सगळं गाव होतं. तुझी जागा रिकामी होती आणि तिच्याकडे कुणी बघत नव्हतं.

परवा तुमच्यातला एक खाली सापडला. महात्सांगी, तो दक्षिणेकडचा उंच माणूस. अर्धा चेहरा भाजलेला. मी ओळखला, तो मीच भाजला होता. दवाखाना शोधत आला असेल. पोरांनी त्याला भात कांडायच्या आवारात आणून खांबाला बांधलं. पुरुष मुसळं घेऊन आले. बायकाही आल्या. पहिलं मुसळ कुणी मारलं ते मला माहीत आहे, कारण ते माझं होतं. मांडीवर मारलं. तो ओरडला तेव्हा मला बरं वाटलं. परत मारलं.

मग बाकीचे तुटून पडले. त्याच्या तोंडातून फेस यायला लागला. कुणीतरी मोटारसायकलचं पेट्रोल आणायला पळालं. तोतोवेलोने विचारलं, "धबधब्यामागची वाट कुणी दाखवली?" सगळ्यांना उत्तर माहीत होतं, त्यांना फक्त त्याच्या तोंडून हवं होतं. त्याने तुझं नाव घेतलं.

तेवढ्यात हाइंगो गर्दीतून पुढे आली. हात गळ्यात बांधलेला. याच माणसाने तो मोडला होता. मला वाटलं तीही मारेल, आणि लोकांनी तिला वाट करून दिली. ती त्याच्या शेजारी चिखलात मांडी घालून बसली.

"ऊठ पोरी, कपड्यांवर पेट्रोल पडेल," तोतोवेलो म्हणाला.

"पडू दे."

"याने तुझा हात मोडला."

"माझा मोडला ना? मग याचं काय करायचं ते मला विचारा. मला तो पोलिसांसमोर बोलायला हवाय. देझिरेचं नाव, बंदूक कुणी दिली, मांस कुठल्या खाणावळीत जातं, सगळं. राखेला बोलता येत नाही."

 पेट्रोलवाला डबा धरून उभा. मग तिने माझ्याकडे पाहिलं आणि हळूच म्हणाली, "ताई, तुमच्या बाने, झाओफेनोबाबांनी, पातं खाली टाकलं होतं."

मी मुसळ टाकलं. मला टाकायचं नव्हतं. दोर मी सोडला.

महात्सांगी जगला, पोलिसांनी नेला. पण गावाचा राग कुठेतरी जायला हवा, तो आता तुझ्याकडे निघालाय. काल तोतोवेलो माझ्या चुलीपाशी येऊन बसला आणि म्हणाला, "वाविसोआ, तुझा भाऊ आमच्यात राहिला नाही. कुळाच्या कबरीत त्याला जागा नाही. पोरं मंगळवारी वर जाताहेत. मी अडवणार नाही, तूही अडवू नकोस." मंगळवारी शेतात कुदळ लावायची नसते, म्हणून मंगळवार.

तेव्हा सोमवारच्या आत खाली ये. एकटा ये, दिवसाउजेडी, समोरच्या वाटेने. मी नदीवर उभी असेन. तुझ्यासोबत पोलीस ठाण्यापर्यंत चालत येईन आणि तू सगळं सांगेपर्यंत दारात बसेन. मी तुला लपवणार नाही. पण मारूही देणार नाही.

वा.

१६ फेब्रुवारी

तोंबो,

तुरुंगातून तू पाठवलेला निरोप मिळाला. "ताईला सांगा, तिने मला विकलं."

ऐक तर मग. रविवारी दिवसभर मी नदीवर उभी होते. सोमवारी दुपारपर्यंत उभी होते. तू आला नाहीस. आता कळलं की पत्र तुला मिळालं होतं आणि तू ते खिशात घालून फिरत होतास. गावातली पोरं पाती पाजळत होती, माझ्या घरासमोरच्या दगडावर, मुद्दाम. तेव्हा मी नदी ओलांडून पोलिसांकडे गेले. त्यांना समोरची वाट माहीत होती, तिथे देझिरेने टेहळणीला माणूस बसवला होता. मी म्हणाले, दुसरी आहे. मी पुढे चालते.

हो, तीच वाट. पाण्याआडून, कपारीतून. तू ज्यांना आणलंस त्यांच्याइतक्याच बंदुका मी वर नेल्या. फरक एवढाच की मी चढताना प्रत्येकाला सांगत होते, निळी टोपी माझा भाऊ आहे, त्याला जिवंत धरा. त्यांच्या मोठ्या साहेबाला इतक्यांदा सांगितलं की तो म्हणाला, "बाई, आता गप्प बसा, नाहीतर ऐकू जाईल."

पुढचं तू जाणतोस. देझिरेने आधी बार काढला, एक पोलीस तोंडावर पडला, विशीतला असेल. मग कुणी कुणाला विचारलं नाही. देझिरे सोनं धुवायच्या खड्ड्यात पालथा पडला आणि पाणी तांबडं होत गेलं. मला त्याचं काही वाटलं नाही. तू मांडवामागून हात वर करून निघालास आणि तरी तुझ्या गुडघ्यात गोळी लागली, कारण टोपी तू घातली नव्हतीस. मी धावत आले तेव्हा तू म्हणालास, "ताई, तू?" मी तुझा पाय माझ्या लुगड्याने बांधत होते.

मंगळवारी पोरं वर गेली तेव्हा तिथे कुणी नव्हतं. त्यांनी तळ जाळला आणि परत आली. तू तिथे असतास तर आज माझ्याजवळ पुरायला काही नसतं, आणि पुरायला जागाही नसती.

जाळण्याआधी हाइंगोने त्यांना थांबवलं आणि मांडवातलं सगळं बाहेर काढायला लावलं. गोण्या उघडून तिने हाडं आणि कातडी मोठ्यापासून लहानापर्यंत जमिनीवर मांडली. एका हाताने, मी मदत केली. बाबाकोटो, सिम्पोना, काळ्या-पांढऱ्या झुलीचे वारिकान्दाना, वारिका, बांबू खाणारे बोकोंबोलो. शेवटी मूठभर त्सिडी, काडीला ओवून भाजलेल्या. म्हणजे तुम्ही तिथवर पोचला होता. मुठीत मावणाऱ्यापर्यंत. पोरं त्या रांगेकडे बघत उभी राहिली. त्यांच्यातल्याही दोघातिघांनी कधी ना कधी तुमच्याकडून मांस घेतलं होतं, ते मान घालून होते. बाबाकोटो मात्र आम्ही जाळले नाहीत. तोतोवेलो वर चढून आला, इतक्या म्हातारपणी, आणि त्याने त्यांना पांढऱ्या कापडात गुंडाळून कड्याखाली पुरायला लावलं. माणसासारखं. तेव्हा तो बाचं नाव घेऊन रडला.

कडा अजून गप्पच आहे. हाइंगो म्हणते बाबाकोटोची मादी दोन-तीन वर्षांतून एकच पिल्लू देते, तेव्हा पलीकडचं एखादं जोडपं इकडे वळलं तरी कडा पुन्हा भरेतोवर माझी पोरं मोठी होतील. ती परत मोजायला लागली आहे, डाव्या हाताने लिहायला शिकतेय. पहाऱ्याची नवी झोपडी आता धबधब्याच्या तोंडावरच बांधलीय. ती वाट आता सगळ्या गावाला माहीत आहे.

कबरीतल्या तुझ्या जागेबद्दल मी तोतोवेलोला पुन्हा विचारलं. तो नाही म्हणाला. मी पुढच्या सुगीला परत विचारणार आहे.

तुरुंगात घरच्यांनी आणलं तरच पोटभर मिळतं असं ओझेवाला सांगत होता. रविवारी येते. भात आणि सुकी मासळी आणीन. तू म्हणशील मी तुला विकलं, मी म्हणेन तू बाला मारलंस, दोन्ही बोलणी गजाआडून होतील आणि सगळे ऐकतील, होऊ देत. मी माफ करायला येत नाहीये. पण तुझं जेवण होईपर्यंत मी समोरून उठणार नाही.

वाविसोआ